शिंपल्यांच्या थराखाली

वैशाख लागला की माझं घरात बूड टेकत नाही. उठतो, चपला घालतो, गल्लीच्या तोंडापर्यंत जातो, काही घ्यायचं नसताना वाण्याच्या दुकानासमोर उभा राहतो आणि परत येतो. सून म्हणते, बाबा, उन्हात कशाला भटकता, पंख्याखाली बसा की. तिला मी उकाड्याचं कारण सांगतो. बोरिवलीत उकाडा असतोच, त्यामुळे ते खपून जातं.

यंदा तर आमच्या समोरच एक जुना बंगला पाडून पायाचा खड्डा खणताहेत. दिवसभर पंप चालतो. उपसलेलं पाणी गटारात सोडलंय आणि रस्त्याच्या कडेला निळसर काळ्या चिखलाचा ढीग पडलाय. परवा मी वाकून त्यातला चिमूटभर चिखल बोटांत चुरला आणि जिभेला लावला. आमच्या धंद्यातली ही सवय. दाताखाली कचकचली तर रेती, नाही कचकचली तर चिकण माती, हे यंत्राआधी जीभ सांगते. तिथला तरुण इंजिनीअर धावत आला. त्याला वाटलं, म्हाताऱ्याला घेरी आली. मी ढिगातला एक शिंपला उचलून दाखवला तर म्हणाला, "काका, खाली सगळा समुद्रच आहे. पंप बंद केला ना, वाट लागली आमची." हसत हसत म्हणाला बिचारा. मी घरी आलो आणि जेवलोच नाही.

एकोणीसशे पन्नासच्या दशकातला एक उन्हाळा आहे, तो दर वर्षी असा माझ्या मागे लागतो. नेमकं साल मला ठाऊक आहे, पण ते सांगायची इच्छा नाही.

तेव्हा बोरिवली म्हणजे आडगाव. दादरच्या दोन खोल्या सोडून आम्ही इथे आलो, तेव्हा नातेवाइकांनी अण्णांना वेड्यात काढलं होतं. अण्णा म्हणजे माझे वडील. फोर्टातल्या एका कचेरीत कारकून. आयुष्यभर दुसऱ्याच्या फायली लावल्या, पण मनात एकच होतं, स्वतःची जमीन, स्वतःचं कौलारू घर आणि अंगणात स्वतःची विहीर. जमीन झाली, घर झालं, विहीर राहिली. तीन वर्षं आम्ही पाणी भरत होतो ते शेजारच्या जानकीकाकूंच्या विहिरीवरून.

काकूंची वाडी आमच्या कुंपणाला लागूनच होती. नवरा लवकर गेला, पोरबाळ नाही, पण बाईनं एकटीनं वाडी राखली होती. वांगी, मिरच्या, थोडा अळू, आणि मुख्य म्हणजे मोगरा. ओळीनं लावलेली दीडदोनशे झाडं असतील. उन्हाळ्यात दुपारी कळ्या खुडायच्या, ओल्या फडक्यात बांधून टोपलीत घालायच्या आणि दादरच्या फुलबाजारात धाडायच्या. विहिरीवर रहाट होता आणि त्याला एक डोळा गेलेला बैल जुंपलेला असायचा. रहाटाची कुरकुर थांबली की काकू जिथे असतील तिथून ओरडायच्या आणि बैल पुन्हा चालू लागायचा. आम्ही घागरी घेऊन गेलो की त्या म्हणायच्या, "घ्या घ्या, विहीर काय माझ्या बापाची आहे का?" पण अण्णांना ते घेववत नसे. किती दिवस दुसऱ्याच्या दारात घागर घेऊन उभं राहायचं, असं ते रोज संध्याकाळी आईला म्हणत, आणि आई रोज तेवढ्याच शांतपणे म्हणे की काकूंना त्याचं काहीच नाही, तुम्हालाच आहे.

मी त्या वर्षी कॉलेजात भूगर्भशास्त्र शिकत होतो. हा विषय घेतला तेव्हा घरात कुणाला तो नीट उच्चारताही येत नव्हता. पण अण्णांनी नाही म्हटलं नाही. उलट रविवारी मी दगड घेऊन आलो की चष्मा पुसून बघायचे आणि विचारायचे, हा कुठला? मालाडचा. हा पिवळा का? मग मी त्यांना सांगायचो की मुंबईचा दगड सगळा काळा नसतो, हा ज्वालामुखीचाच पण वेगळ्या जातीचा, शहरातल्या कितीतरी मोठ्या इमारतींना हाच लावलाय. अण्णा मान डोलवायचे आणि दुसऱ्या दिवशी कचेरीतल्या लोकांना तेच जसंच्या तसं ऐकवायचे.

आणि मी? माझ्या अंगात तेव्हा नुसती वळवळ होती. हातोडी पिशवीत टाकायची आणि सायकल काढायची. दहिसरच्या नदीत गुडघाभर पाण्यात उभं राहून गोटे फोडायचे. सांताक्रूझपर्यंत जायचं, वाटेत अंधेरीचा तो खांबाखांबांचा डोंगर लागायचा. लाव्हा निवताना आक्रसतो आणि त्याचे असे उभे सहाकोनी सोट तडकतात, हे पुस्तकात वाचलेलं, आणि इथे ते समोर उभं. त्याच्या आजूबाजूला खडी फोडणाऱ्यांचे घण चालू असायचे. मालाडला एकदा एका बंगल्याच्या कुंपणाच्या भिंतीवर मी हातोडी मारली, ताजा कपचा हवा होता म्हणून. आतून एक पारशी म्हातारा बनियनवर बाहेर आला आणि त्यानं मला गुजरातीत जे काही सुनावलं, ते अर्धं कळलं नाही हे बरंच झालं. पळालो, पण कपचा हातात ठेवून पळालो.

कॉलेजातले आमचे सर फार कमी बोलायचे. वर्गात कुणी चांगलं उत्तर दिलं तर ते "हं" म्हणायचे, आणि त्या एका "हं"साठी आम्ही जीव टाकायचो. त्यांनी एकदा सांगितलं होतं की मुंबईची गोदी खणली तेव्हा समुद्राच्या पातळीच्या कितीतरी खाली खैराची खोडं सापडली, मुळं जमिनीत रोवलेली, उभीच्या उभी. म्हणजे तिथे कधीकाळी कोरडं रान होतं आणि ते खचून खाली गेलं. आणि दुसरीकडे, उपनगरांत, भरतीचं पाणी आज जिथवर पोचत नाही तिथे शिंपल्यांचे थर मिळतात. एकाच किनाऱ्यावर एक तुकडा बुडतो, दुसरा वर येतो. ते ऐकल्यापासून मला पायाखालची जमीन बिनभरवशाची वाटायला लागली होती, आणि खरं सांगायचं तर त्याचा आनंद होत होता. एकोणीस-वीस वर्षांच्या मुलाला सगळं हललेलंच हवं असतं.

सुटी लागली तेव्हा सरांनी काम दिलं. प्रत्येकानं आपल्या भागातल्या जमिनीचा उभा छेद काढून आणायचा. वरून खाली कुठला थर, किती जाड, त्यात काय सापडलं. पुस्तकातून उतरवलेलं चालणार नाही, डोळ्यांनी पाहिलेलंच हवं. आणि त्याच पाडव्याला अण्णांनी विहिरीचं खोदकाम काढलं. माझं नशीबच फळफळलं म्हणायचं. घरबसल्या छेद.

खोदायला धाकूतात्या आले. मालवणकडचे. पूर्वी गिरणीत होते, तिथून सुटल्यावर विहिरी खणू लागले. दहिसरपासून मालाडपर्यंत निम्म्या वाड्यांच्या विहिरी त्यांच्या हातच्या, काकूंची विहीर तर धाकूतात्यांच्या वडिलांनी खणलेली. बारीक अंगाचे, कानात बिडी खोचलेली, बरोबर दोन गडी. रोज सकाळी खड्ड्यात उतरण्याआधी मातीला हात लावून कपाळाला लावायचे. मी काठावर वही घेऊन बसायचो. हातभर काळी माती. मग पिवळी रेती, तिच्यात फुटक्या शिंपल्यांचा चुरा. दोरीनं मोजायचं, डबीत नमुना भरायचा, चिठ्ठी चिकटवायची. धाकूतात्या खालून बघायचे आणि हसायचे.

दीड पुरुष खोल गेल्यावर पहारेचा आवाज बदलला. रेती संपून शिंपल्यांचा थर लागला, पण सुटा नव्हे, एकमेकांना चिकटून दगडासारखा झालेला. त्याच्यावर बाजूनं झिरपून पाणी जमू लागलं. संध्याकाळपर्यंत गुडघाभर झालं. धाकूतात्यांनी ओंजळभर प्यायलं, पहार आडवी ठेवली आणि वर आले. अण्णांना म्हणाले, "अण्णांनू, हयसर थांबाया. शिपलो लागलो. ह्येच्या खाली दर्याचा घर. ता फोडूचा नसता."

त्यांच्याकडची ती रीतच होती. शिंपल्यांचा थर लागला की पहार ठेवायची, थराला हळदकुंकू लावायचं आणि विहीर बांधायला घ्यायची. पाणी कमी असेल तर विहीर रुंद करायची, खोल नाही. गुडघाभर पाणी दिसायला थोडं, पण पावसानंतर वाढतं, असं ते म्हणाले. काकूंची विहीरसुद्धा त्याच थरावर थांबलेली आहे.

अण्णांचा चेहरा उतरला. विहीर म्हटली की त्यांना डोळ्यांसमोर भरलेली, काळंभोर पाणी हेलकावणारी विहीर दिसत होती. गुडघाभर पाण्याची त्यांनी कल्पनाच केली नव्हती. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "काय रे? तुझं शास्त्र काय म्हणतं?"

माझं शास्त्र काहीच म्हणत नव्हतं. किनाऱ्यावर गोडं पाणी खाऱ्याच्या वर कसं राहतं, हे आम्हाला पुढच्या वर्षी शिकवणार होते. मला एवढंच माहीत होतं की थर अर्धवट राहिला तर माझा छेद अर्धवट राहणार. शिंपल्यांच्या खाली काय आहे? मला ते बघायचं होतं. सरांचं ते "हं" मला ऐकू येत होतं. मी म्हणालो, "अजून खोल जाऊ या, अण्णा. खाली पाणी आहे." आणि हे अगदी खोटं नव्हतं. खाली पाणी होतंच.

धाकूतात्यांनी एकदा माझ्याकडे पाहिलं. रागानं नव्हे. म्हणाले, "झिला, तुझ्या पुस्तकात पाणी चाखूक गावता काय?" मग गड्यांना घेऊन ते निघून गेले. दुसऱ्या दिवशी मी मालाडच्या खाणीवरची दोन माणसं आणली आणि त्यांच्याबरोबर स्वतः खाली उतरलो. शिंपल्यांचा थर वीतभरच होता. पहिला घाव मी घातला. थर फुटला आणि खालचा निळा चिखल वर आला, सडक्या वासाचा, आणि त्याच्याबरोबर पाणी. इतकं जोरात की पाटी आणि हातोडी टाकून आम्ही वर चढलो. अण्णा काठावर उभे राहून हसत होते. त्यांना तसं हसताना मी आधी कधी पाहिलं नव्हतं, नंतरही नाही.

अक्षय्यतृतीया जवळ आली होती. त्या दिवशी पाण्यानं भरलेली घागर दान द्यायची असते. आमच्या आळीत त्यातच भर म्हणून आणखी एक रिवाज होता, की नव्या विहिरीची पहिली घागर शेजाऱ्याच्या घरी जायची, कारण झरा त्याच्या जमिनीतूनही आलेला असतो. अण्णांनी सोवळं नेसून स्वतः घागर नेली. काकूंनी ती उतरवून घेतली, घोटभर प्यायल्या आणि म्हणाल्या, "गार आहे. जरा जड लागतंय, पण नव्या विहिरीचं लागतंच." अण्णांनी त्या दिवशी गावच्या सगळ्या नातेवाइकांना पत्रं लिहिली.

मी माझा छेद रंगवत बसलो होतो. काळी माती, पिवळी रेती, पांढरा शिंपला, निळा चिखल. चार रंग, खाली बाण आणि मापं. इतका सुरेख झाला होता की मी तो भिंतीला टेकवून लांबून बघायचो.

पण पायांना स्वस्थता नव्हती. पाच-सहा दिवसांनी, अष्टमीच्या संध्याकाळी सहा-साडेसहाच्या सुमाराला पाणी शेंदताना मला वाटलं, आज दोरी कमी सोडावी लागली. दुपारी जास्त लागली होती. आईला विचारलं, तर ती म्हणाली, पाणी काय, वरखाली होतंच. मी विहिरीच्या आतल्या बाजूला खडूनं खूण केली. दुसऱ्या दिवशी पुन्हा. आमच्याकडे मासे घेऊन येणाऱ्या कोळणीनं मला लहानपणी एक हिशेब शिकवला होता. तिथीची पाऊणपट करायची, म्हणजे भरतीची वेळ. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, द्वादशीला नऊ. मी सायकल काढून गोराईच्या धक्क्यावर गेलो, तिथली भरती पाहिली आणि परत येऊन विहिरीत डोकावलो. खाडी भरल्यावर पाऊण-एक तासानं माझी विहीर भरत होती. द्वादशीपर्यंत शंकेला जागा उरली नाही.

गंमत म्हणजे त्याही क्षणी मला आधी आनंदच झाला. हे मी लपवत नाही. वाटलं, हे सरांना दाखवावं. मग घरात आलो तर आई डाळीला नावं ठेवत होती. दोन तास झाले तरी तूर शिजत नव्हती. वाण्यानं जुनी डाळ दिली म्हणून ती चिडली होती. मी तांब्याभर पाणी प्यायलो. मचूळ होतं. रोज थोडं थोडं होत गेलेलं, त्यामुळे आमच्या जिभांना कळलंच नव्हतं.

मग हळूहळू डोक्यात उजेड पडला. आमची आणि काकूंची विहीर एकाच परातीतलं पाणी पीत होत्या. शिंपल्यांचा थर ही ती परात. तिला मी भोक पाडलं होतं. वरचं गोडं पाणी त्या भोकातून खाली जात होतं आणि भरतीबरोबर खालचं खारं वर येऊन पसरत होतं. हे अण्णांना सांगायला हवं होतं. मी सांगितलं नाही. रोज सकाळी ते नव्या विहिरीचं पाणी तुळशीला घालायचे आणि मोठ्यानं स्तोत्र म्हणायचे. मी तेवढा वेळ परसात जाऊन उभा राहायचो. सायकल घेऊन दिवसदिवस बाहेर राहायचो. चार-चार वेळा खूण बघायचो, जणू बघून ती खोटी ठरणार होती.

पौर्णिमेच्या आदल्या दिवशी जानकीकाकू कुंपणाशी आल्या. हातात मोगऱ्याची एक डहाळी होती. पानांच्या कडा तपकिरी झालेल्या, कुरकुरीत, आणि कळ्या उमलायच्या आतच पिवळ्या पडलेल्या.

"तू शिकतोस ना रे हे जमिनीचं वगैरे? बघ जरा. शेण घातलं, राख घातली. काय झालंय याला?"

मी डहाळी हातात घेतली. उलटीसुलटी केली. मिठानं जळलेल्या पानाची कड अशीच असते, हे मला त्या क्षणी ठाऊक होतं. कॉलेजात वनस्पतिशास्त्राच्या तासाला ते चित्र आम्ही काढलेलं होतं.

"उन्हानं करपलंय, काकू," मी म्हणालो. "पाणी जास्त घाला."

"बरं," त्या म्हणाल्या आणि गेल्या. त्या दिवसापासून त्यांनी रहाट दुप्पट वेळ चालवला. दुपारी पडल्या पडल्या मला तो ऐकू यायचा. कुरकुर थांबायची, काकूंची हाक यायची, कुरकुर पुन्हा सुरू व्हायची. मी उशी कानावर घ्यायचो. आठ-दहा दिवसांत अर्धी वाडी जळाली. सकाळच्या मोगऱ्याच्या वासात करपलेल्या पाल्याचा वास यायला लागला. काकू वाकून वाकून पाट करत होत्या, आळी भरत होत्या, मी सांगितल्याप्रमाणे.

धाकूतात्या एका सकाळी काकूंकडे रहाटाची माळ दुरुस्त करायला आले. पाटातलं पाणी त्यांनी ओंजळीत घेतलं, तोंडात घोळवलं आणि थुंकलं. मग सरळ आमच्या अंगणात आले. अण्णा कचेरीत गेले होते. धाकूतात्यांनी मला एकच गोष्ट सांगितली, पण नीट समजावून. विहीर बुजवायची. चिकण आणायची, ठासून ठासून भरायची, शिंपल्याच्या पातळीपर्यंत. पावसाच्या आधी झालं तर वरचं गोडं पाणी पुन्हा धरेल. पाऊस पडून गेला की मग कुणाचा इलाज नाही. आणि जाता जाता म्हणाले, "तू सांगलंस तर बरा. मी सांगान, तर ता अण्णांक दुसऱ्याकडना कळात."

त्या संध्याकाळी अण्णा ओटीवर वर्तमानपत्र वाचत होते. मी समोर उभा राहिलो आणि भरतीपासून सुरुवात केली. तिथी, खडूच्या खुणा, पाऊण तास, परात, भोक. माझ्या तोंडून शास्त्र भराभर येत होतं, कारण शास्त्र बोलत असताना दुसरं काही बोलावं लागत नव्हतं. अण्णांनी सगळं ऐकून घेतलं. विचारलं, "कधीपासून ठाऊक आहे?"

"बारा-तेरा दिवस."

त्यांनी वर्तमानपत्राची घडी घातली. पानाबद्दल आणि जास्त पाण्याबद्दल मी त्यांना काही सांगितलं नाही. सांगायचं मनात होतं. तोंडापर्यंत आलं आणि मी ते गिळलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी रजा घेतली, कधी नव्हे ती. कोट चढवला, टोपी घातली आणि मला म्हणाले, चल. पलीकडच्या वाडीत जायचं म्हणून त्यांनी कोट घातलेला बघून मला रडू यायला लागलं. काकू मोगऱ्याच्या ओळीत उकिडव्या बसल्या होत्या. उठल्या, पदराला हात पुसले.

"वहिनी," अण्णा म्हणाले, "तुमचं पाणी माझ्या विहिरीनं नासलं. थर फोडू नका म्हणून धाकूनं सांगितलं होतं. मुलगाही नको म्हणत होता. मीच हट्ट धरला. चूक माझी आहे. आजपासून विहीर बुजवायला घेतो."

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. त्यांच्या पायाशी सगळी जळलेली झाडं होती आणि प्रत्येक आळं पाण्यानं भरलेलं होतं. मला वाटलं, आता त्या सांगतील. पोरानं मला पाणी जास्त घालायला सांगितलं, असं एवढं एकच वाक्य.

"सांगितलंत ते बरं केलंत," त्या अण्णांना म्हणाल्या. "नाहीतर मी अजून पाणीच घालत बसले असते."

एवढंच. अण्णांना त्यातलं काही कळलं नाही. त्यांनी हात जोडले आणि आम्ही परत आलो. मी वाटेत बोललो नाही, फाटकाशी बोललो नाही, घरातही बोललो नाही.

खाडीवरून हातगाडीनं चिकण आली. धाकूतात्या खाली उतरले आणि अण्णाही धोतर खोचून उतरले. कचेरीतला माणूस, पण तीन दिवस त्या चिखलात उभं राहून त्यांनी पायांनी माती तुडवली. मीही तुडवत होतो. वरून आई टोपल्या सोडत होती. पावसाच्या चार दिवस आधी काम संपलं. माझा रंगवलेला छेद मी सुटीनंतर कॉलेजात दिला. सरांनी तो बराच वेळ पाहिला आणि "हं" म्हणाले.

काकूंच्या विहिरीला गोडी परत यायला तीन पावसाळे लागले. तोवर त्यांनी मोगरा उपटून टाकला होता आणि नारळ लावले होते, कारण नारळाला थोडं खारं चालतं. नारळ धरायला वर्षं लागतात. तेवढा काळ त्यांनी कुणाच्या तरी घरी पोळ्या लाटल्या, हे मला आईकडून कळलं. आम्हाला बघून त्यांनी तोंड फिरवलं असं कधी झालं नाही. माझ्या लग्नात त्या आल्या होत्या. हातात ओल्या फडक्यात बांधलेल्या मोगऱ्याच्या कळ्या होत्या, बाजारातून विकत आणलेल्या.

पुढे मी पाण्याचाच माणूस झालो. किनाऱ्यावरच्या गावागावांत जाऊन विहिरी किती खोल न्याव्यात, कुठे थांबावं, हे मी लोकांना सांगत आलो. माझ्या अहवालांमध्ये ते ठाम शब्दांत लिहिलेलं असायचं. लोक म्हणायचे, साहेब फार सावध आहेत. अण्णाही चारचौघांत सांगायचे की याला लहानपणापासून पाण्यातलं कळतं, मीच मेला याचं ऐकलं नाही. शेवटी शेवटी ते स्वतःच त्यावर विश्वास ठेवू लागले होते. मी मान खाली घालायचो आणि लोक त्याला नम्रपणा समजायचे.

अण्णा गेले. काकू त्यांच्या आधीच गेल्या. धाकूतात्या तर कधीच गेले. आता जे घडलं ते सांगू शकेल असा मी एकटाच आहे, आणि दर वैशाखात ते मला घराबाहेर काढतं. म्हणून आज उन्हात न जाता हे लिहायला बसलो. मुलगा नको म्हणत नव्हता. खोल जा, असं मुलगाच म्हणाला होता. मिठानं जळलेलं पान हातात धरून, पाणी जास्त घाला, असंही तोच म्हणाला.